रणगाडा, फीत आणि झारा

बंड करावं तर थायलंडच्या लष्करानंच. १९ सप्टेंबर २००६ ची रात्र. पंतप्रधान थाक्सिन शिनावात संयुक्त राष्ट्रांच्या सभेसाठी न्यूयॉर्कला गेलेले आणि मागे बँकॉकमध्ये रणगाडे रस्त्यावर. रक्त सांडलं नाही. रणगाड्यांना पिवळ्या फिती बांधलेल्या, आणि लोक पोराबाळांना घेऊन फोटो काढायला आलेले. गणपती बघायला निघाल्यासारखे! वर्षभरात सत्ता परत करतो, असं सेनाप्रमुख सोन्थी बून्यारत्कलिन यांनी सांगितलं. उसनी साखर नेणाऱ्या शेजाऱ्याच्या सुरात.

वाटी परत करायची तर घासूनपुसून. म्हणून १९९७ ची राज्यघटना मोडीत निघाली. थाक्सिन यांचा थाई राक थाई पक्ष कोर्टानं बरखास्त केला आणि त्याच्या १११ पदाधिकाऱ्यांना पाच वर्षं राजकारणबंदी झाली. मग नवी राज्यघटना आली. तिच्या शेवटच्या, म्हणजे ३०९ व्या कलमानं बंडवाल्यांचा कारभार कायदेशीर ठरवून टाकला. स्वतःच्या प्रगतिपुस्तकावर पालकांची सहीही स्वतःच ठोकायची, ही सोय आम्हांला शाळेत मिळती तर! सिनेटच्या १५० जागांपैकी ७४ नेमणुकीच्या. एवढ्या चाळण्या लावल्यावर मतदारांच्या पदरात कोंडाच पडणार, असा हिशेब असावा.

२३ डिसेंबर २००७ ला मतदान झालं. ४८० पैकी २३३ जागा पीपल्स पॉवर पार्टीला मिळाल्या. म्हणजे थाक्सिन यांच्याच माणसांना, दुकानावरची पाटी तेवढी बदललेली. पंधरा महिने जनतेला शिकवणी लावली, आणि जनतेनं पेपरात जुनंच उत्तर लिहिलं.

पंतप्रधान झाले समक सुंदरवेज. बँकॉकचे माजी गव्हर्नर, जिभेला हाड नाही, आणि हाताला चव. टीव्हीवर त्यांचा स्वयंपाकाचा कार्यक्रम चाले. त्याच्या नावाचा अर्थ साधारण ‘चाखत जायचं, कुरकुरत जायचं’ असा. (आमच्या घरी हा कार्यक्रम रोज दोन्ही वेळा होतो, फक्त प्रक्षेपण होत नाही.) पंतप्रधान झाल्यावरही ते त्यात दिसले आणि विरोधकांना कलम २६७ आठवलं : पंतप्रधानानं कुठल्या कंपनीची नोकरी करू नये. आपण काही पगारी नोकर नाही, असं समक सांगत राहिले. न्यायाधीशांनी ‘नोकर’ शब्दासाठी चक्क शब्दकोश काढला आणि ९ सप्टेंबर २००८ ला नऊच्या नऊ जणांनी एकमतानं त्यांना घरी पाठवलं. रणगाडा न हलवता, कोशाचं पान उलटून! मराठी कोशकारांनी निदान हेवा तरी करावा. आमच्याकडे कोश टेबलाचा पाय लंगडला की निघतो.

मग थाक्सिन यांचे मेहुणे सोमचाई वोंगसवात आले. सरकारी कचेरीच्या आवारात पिवळ्या सदऱ्यांचे थाक्सिनविरोधी आंदोलक तंबू ठोकून बसलेले, म्हणून यांनी डॉन मुआंगच्या जुन्या विमानतळावरून कारभार हाकला. २ डिसेंबरला कोर्टानं पीपल्स पॉवर पार्टीही बरखास्त केली. १५ डिसेंबरला विरोधी पक्षनेते अभिसित वेज्जाजीवा संसदेतल्या मतदानानं पंतप्रधान झाले. मतदारांना पुन्हा उन्हात उभं करण्याची तसदी कुणी दिली नाही.

ती २०११ मध्ये दिली. या खेपेला थाक्सिन यांची धाकटी बहीण यिंगलक पंतप्रधान झाल्या. त्याच निवडणुकीत सोन्थी बून्यारत्कलिनही खासदार झाले, आणि सभागृहानं त्यांच्याकडे एका समितीचं अध्यक्षपद दिलं. राष्ट्रीय सलोखा समितीचं.