आपलाच आहे!

गेल्या गणपतीत आम्ही डोंबिवलीला साडूंकडे पोचलो, तेव्हा मोदक उकडून तयार होते, टाळ वाटून झाले होते, निरांजन पेटलं होतं आणि मखरात मात्र काळोख होता. दिव्यांच्या माळेचा प्लग हातात धरून मेहुणी उभी. भिंतीवरच्या बोर्डात जागा दोनच. एकीत राउटर, दुसरीत लॅपटॉपचा चार्जर. आणि त्या बोर्डाला पाठ लावून, पितांबर नेसलेले आमचे साडूभाऊ.

"पाचच मिनिटं. त्र्याण्णव टक्के झालंय."

"कसलं त्र्याण्णव टक्के?" मी विचारलं. ही माझी चूक.

कारण मग मला कळलं, की 'रेड डेड रिडेम्पशन २' नावाचा गेम दीडशे जीबीचा असतो. की शंभर एमबीपीएसचं कनेक्शन म्हणजे सेकंदाला शंभर एमबी नव्हे, त्याला आठानं भागायचं असतं, म्हणजे साडेबारा. म्हणजे एकूण तीन तास वीस मिनिटं, तीही घरात दुसरं कोणी नेटला हात लावला नाही तर. हे शेवटचं वाक्य त्यांनी मेहुणीकडे बघून म्हटलं. पडद्यावर निळ्या रेघा नेटचा वेग दाखवत होत्या, हिरवी रेघ डिस्कचा. 'ईसीजीसारखं दिसतंय,' असं मी म्हणणार होतो, पण साडूभाऊंच्या चेहऱ्यावर आयसीयूबाहेरच्या नातेवाइकाचा भाव होता, म्हणून गप्प बसलो. आरती अंधारात झाली. बाप्पांनी चालवून घेतलं.

जेवताना मी विचारलं, "नवीन घेतलात वाटतं?"

"छे हो! २०२० सालीच घेतलाय. मधे जागा हवी होती म्हणून काढला होता. परत टाकतोय."

"कितव्यांदा?" हे मेहुणी.

"काढला म्हणजे गेला थोडाच?" साडूभाऊंनी मोदकावर तूप ओतलं. "आपलाच आहे तो."

असा एक तुमच्याकडेही असणार. नसेल तर तुम्हीच तो असाल. पैसे मोजून गेम घ्यायचा, उतरवायचा, थोडा बघायचा, काढून टाकायचा आणि सहा महिन्यांनी पुन्हा उतरवायचा. खेळणं हा यातला गौण भाग. साडूंच्या खात्यावर तीनशे बारा गेम आहेत (आकडा त्यांचा, अभिमानही त्यांचाच). त्यांतला पूर्ण खेळलेला कोणता, असं एकदा विचारलं, तर ते म्हणाले, "सॉलिटेअर धरायचा का?"

यांची मुळं जुनी आहेत. २००० साली 'प्रोजेक्ट आयजीआय' आला, तेव्हा साडूभाऊ नुकते नोकरीला लागले होते आणि बाकीच्या सगळ्या देशाप्रमाणे तेही गेम विकत घेत नसत. लॅमिंग्टन रोडच्या फुटपाथवरून आणलेली सीडी, तिच्या कागदावर बॉलपेनानं लिहिलेला सिरीयल नंबर, आणि 'अँटिव्हायरस बंद करून टाक' हा विक्रेत्याचा गुरुमंत्र. 'मॅक्स पेन' त्यांनी असाच खेळला. तो मात्र शेवटपर्यंत खेळला. पुढे पगार वाढला, २०१५ साली स्टीम या गेमच्या ऑनलाइन दुकानात रुपयांत किमती दिसायला लागल्या, आणि साडूंना आपलं तारुण्य आठवून पश्चात्ताप झाला. चोरून खेळलेला एकेक गेम त्यांनी रीतसर पावती घेऊन परत विकत घेतला. आपले वाडवडील पापं धुवायला काशीला जात. हे जूनअखेरीच्या सेलला जातात. हा सेल आणि आषाढी साधारण बरोबरच येतात. एकदा ऐंशी टक्के सवलत बघून त्यांनी एकाच रात्रीत एकोणीस गेम घेतले आणि सकाळी साबुदाण्याची खिचडी खाताना 'सात हजार वाचले' म्हणून सांगितलं. मेहुणी म्हणाली, "वाचलेले दाखवा."

तसा स्टीमचा नियम चांगला आहे. घेतल्यापासून चौदा दिवसांच्या आत आणि दोन तासांहून कमी खेळला असेल, तर गेम परत करता येतो, पैसे मिळतात. साडूंचे निम्मे गेम या नियमात बसले असते. कुठं सत्तेचाळीस मिनिटं, कुठं बावीस, कुठं नुसताच आवाज कमी-जास्त करून बंद. पण परत करायचा विषय काढला की झालंच: "परत कशाला करायचा? आपलाच आहे."

खरी गंमत परत टाकल्यानंतर होते. जुना खेळ ढगात जपलेला असतो, गेल्या वेळी जिथं सोडला तिथून पुढं चालू करता येतो. पण मधल्या सहा महिन्यांत साडूभाऊ बटणं विसरलेले असतात. बंदूक काढायला जातात आणि घोड्यावरून खाली उतरतात. मग म्हणतात, "नव्यानंच सुरू करू, म्हणजे कथेची लिंक लागेल." त्या रेड डेडची सुरुवात डोंगरातल्या बर्फात होते. साल १८९९, अमेरिका, टोळी पळून चाललेली, हिमवादळ, घोड्यांचे पाय रुततायत. साडूभाऊंनी हे बर्फ आजवर सहा वेळा तुडवलं आहे. पुढं म्हणे हिरवी कुरणं आहेत, नद्या आहेत, मोठं शहर आहे. हे त्यांना लोकांकडून कळलं. त्यांच्यापुरती ती गोष्ट म्हणजे काही माणसं थंडीत कुडकुडतात आणि मग डिस्क भरते. तीनशे नाटकांची तिसरी घंटा ऐकून घरी परतलेला असा रसिक मी दुसरा पाहिला नाही.

या बाबतीत त्यांची बाजू एकदाच वरचढ ठरली. मेहुणी दिवाणावर पैठण्या काढून बसली होती. वर्षातून दोनदा ती त्या बाहेर काढते, घडी मोडते, वारा देते, जर चिरू नये म्हणून वेगळी घडी घालते आणि मलमलीत गुंडाळून परत कपाटात ठेवते. साडूभाऊ खुर्ची ओढून समोर बसले. "यातली शेवटची कधी नेसलीस?" मेहुणी गप्प. "मग मी काय वेगळं करतो?" माझी बायको हसली, म्हणून मीही हसलो. पण बहिणीच त्या. "पैठणी काढली की घरातलं नेट बंद पडत नाही," एवढं म्हणून मेहुणीनं कपाट लावलं.

मला त्या 'आपलाच आहे'चा मनस्वी राग यायचा. म्हणून २०२४च्या दिवाळीत मी तयारीनिशी गेलो. स्टीमनं नुकतीच पैसे भरायच्या पानावर एक ओळ टाकली होती, की तुम्ही विकत घेताय तो गेम नव्हे, तो वापरायचा परवाना. कॅलिफोर्नियात तसा कायदाच झाला, दुकानदारांनी हे स्पष्ट सांगावं म्हणून. शिवाय 'द क्रू' नावाचा २०१४चा गाड्यांच्या शर्यतीचा गेम होता, त्याचे सर्व्हर ३१ मार्च २०२४ला बंद झाले, आणि पैसे मोजलेल्यांनाही तो खेळता येईनासा झाला. हे सगळं मी फराळाच्या ताटावर मांडलं. शेवटी हुकमाचा पत्ता टाकला: "आणि खातं दुसऱ्याच्या नावावर करता येत नाही. मृत्युपत्रात लिहून काही उपयोग नाही. तुमचे तीनशे बारा तुमच्याबरोबरच जाणार. कुठला आपला आणि कुठलं काय!"

साडूभाऊंनी चकलीचा तुकडा मोडला, शांतपणे चावला.

"ही बिल्डिंग किती सालची?" त्यांनी विचारलं.

"शहाण्णवची ना?"

"कन्व्हेयन्स झालंय?"

मी गप्प.

"जमीन अजून बिल्डरच्या नावावर. बिल्डर वारला, त्याचे मुलगे कोर्टात. आम्ही तीसेक वर्षं मेंटेनन्स भरतोय, रंग काढतोय, गच्ची गळते तर वर्गणी काढतोय. सातबारावर आमचं नावसुद्धा नाही. तरी दारावर पाटी आहेच की." मग दुसरी चकली उचलत म्हणाले, "घ्या. आपलंच आहे."

त्या दिवशी मी हरलो. गाडीत बायको म्हणाली, "आपल्या सोसायटीचं झालंय का हो?" मी विषय बदलला.

यंदा मार्चमध्ये त्यांनी नवा लॅपटॉप घेतला आणि मला रविवारी सकाळी बोलावलं. मला त्यातलं ओ की ठो कळत नाही, पण या जातीला प्रेक्षक लागतो. खातं उघडलं. डावीकडे तीनशे बारा नावांची यादी खाली खाली सरकत गेली, सगळी करड्या रंगात. उतरवलेला गेम पांढरा दिसतो, न उतरवलेला करडा. आता दीडशे जीबीचं काहीतरी लागणार आणि दुपारच्या जेवणापर्यंत आपण निळ्या रेघा बघत बसणार, म्हणून मी पेपर उघडला. पण मिनिटभरातच यादीतलं एक नाव पांढरं झालं. 'स्टारड्यू व्हॅली'. एक जीबीसुद्धा नाही.

"एकट्या माणसानं केलाय," साडूभाऊ म्हणाले. "एरिक बरोन. चित्रं त्याची, संगीत त्याचं, सगळं त्याचं. २०१६ला आला."

"तुम्ही कधी खेळलात?"

"मी नाही. हिनं." म्हणजे माझ्या भाचीनं. लॉकडाऊनमध्ये, अकरावीत असताना, बापाच्या खात्यावर. मग बारावीचा अभ्यास आला, मग बंगळुरू, मग तिथंच नोकरी. आता ती गणपतीला येते ती रविवारी रात्रीचं परतीचं तिकीट काढूनच.

गेम उघडला. शेताचं नाव तिनं इंग्रजी अक्षरांत घातलं होतं: आजोळ. सकाळचे सहा. चौकड्यांचं छोटंसं शेत, एक घर, दारात विहीर, विहिरीला लागून एक झाड.

"डाळिंब," साडूभाऊ म्हणाले.

सांगायची गरज नव्हती. सांगोल्याकडं सासऱ्यांच्या घरी विहीर तिथंच होती आणि डाळिंबही तिथंच. वाटण्या झाल्या, जमीन २०१९ला विकली गेली. आम्ही दोघे जावई निघताना सासरे डिकीत डाळिंबाचे क्रेट भरायचे, आम्ही नको नको म्हणायचो, आणि ते म्हणायचे...

असो. साडूभाऊंनी मला कोंबड्या दाखवल्या. मांजर दाखवलं, त्याला कुरवाळलं, त्याच्या डोक्यावर बदाम उमटला. एका वाफ्यात स्ट्रॉबेरी लावलेली होती. "आठ दिवसांत पिकते," ते म्हणाले. वर कोपऱ्यात तारीख होती: वसंत, चौदा, दुसरं वर्ष. "ती गेली तेव्हापासून हीच आहे."

"म्हणजे?"

मग त्यांनी समजावलं. या गेममध्ये दिवस तेव्हाच जपला जातो, जेव्हा माणूस घरी जाऊन झोपतो. न झोपता बाहेर पडलं, तर दिवस झालाच नाही असं होतं. पुढच्या वेळी उघडावं, तर परत सकाळचे सहा. म्हणून ते येतात, मांजराला कुरवाळतात, फिरतात आणि झोपायच्या आत बंद करतात. पाच वर्षांत तीन लॅपटॉप झाले. प्रत्येकावर सगळ्यात आधी हाच टाकला, आणि बाकीचे कितीही काढले तरी हा कधीच काढला नाही.

"पण स्ट्रॉबेरी मग पिकायची कधी?"

"ती आली की पिकवेल," ते म्हणाले, आणि तेवढ्यात बेल वाजली.

इस्त्रीवाला होता. इस्त्रीचे कपडे मोजून घेणं हे साडूभाऊंच्या घरी डाउनलोडच्या खालोखाल गंभीर काम आहे. ते उठले. मी पडद्यासमोर एकटा. भाचीची ती दोन बोटांएवढी बाहुली डाळिंबाखाली उभी होती. कोपऱ्यातलं घड्याळ पळत होतं. तिथला अख्खा दिवस आपल्या चौदा मिनिटांत संपतो. संध्याकाळ झाली, झाडाची सावली गेली, पडदा निळसर झाला. बरं दिसत होतं. मी पेपर बाजूला ठेवला. रात्रीचे अकरा. बारा. दारात अजून "शर्ट नऊ दिले होते" चाललेलं.

तेव्हा मला आठवलं, मघाशी ते बोलता बोलता म्हणाले होते: दोन वाजले की बाहुली असेल तिथं कोसळते, आणि दिवस आपोआप संपतो. जपला जातो. पंधरा तारीख उजाडते.

एक वाजून वीस मिनिटं. कुठलं बटण दाबायचं मला माहीत नाही. मी एक दाबलं, बाहुलीनं कुऱ्हाड काढली. दुसरं दाबलं, ती डाळिंबाकडे वळली.

"साडूभाऊ!" मी ओरडलो. "अहो धावा! दीड वाजला! पोरगी झोपेल!"

सकाळच्या साडेदहाच्या उन्हात इस्त्रीवाल्यानं दारातून आत डोकावून पाहिलं. स्वयंपाकघरातून दोघी बहिणी हातात कणीक घेऊन धावत आल्या. साडूभाऊ हातावर आठ शर्ट घेऊन तसेच पळत आले, माझ्या खांद्यावरून वाकले आणि कुठलीतरी दोन बटणं दाबली. पडदा काळा झाला. मग सुरुवातीचं चित्र आलं.

"गेला का दिवस?" माझा आवाज मलाच ओळखू आला नाही.

"नाही, नाही. आहे. चौदाच आहे." त्यांनी शर्ट माझ्या मांडीवर ठेवले आणि कपाळावरचा घाम पुसला. "तुम्ही कशाला हात लावलात?"

दारात इस्त्रीवाला खोकला. ते नववा शर्ट शोधायला निघाले.

"अहो," मी म्हणालो, "परत उघडून द्या की. स्ट्रॉबेरीला पाणी घालायचं राहिलं."