चमत्काराच्या खांद्यावर कावड

आमच्या जिल्ह्यात चमत्कार रिकाम्या हातांनी येत नाही. इतर ठिकाणी तो आकाशवाणी करतो, फुलं उधळतो आणि निघून जातो. इथे तो आला की आधी त्याला काम सांगितलं जातं आणि बहुतेक वेळा ते काम पाणी भरण्याचं असतं.

पैठणला एकनाथांच्या घरी साक्षात श्रीकृष्ण श्रीखंड्या नावाने बारा वर्षं राबला, ही गोष्ट मराठी घरात कोणी ऐकली नाही असं नाही. तो चंदन उगाळायचा आणि गोदावरीवरून कावडीने पाणी आणून रांजण भरायचा. बारा वर्षांत कुणाला संशय आला नाही. यावरून त्याचं काम चोख असणार, कारण आपल्याकडे गड्याची चौकशी काम चुकल्यावरच होते. मला या कथेत देवापेक्षा त्या बारा वर्षांचंच नवल वाटत आलं आहे. उन्हाळ्यात पात्र आटलं की घाट उतरून आणखी खाली जावं लागत असेल. श्रावणात पायऱ्यांवर शेवाळ धरत असेल. गोवर्धन करंगळीवर तोलणं एका आठवड्याचं काम होतं. रोज सकाळी उठून कावड खांद्यावर घेणं हे त्याहून अवघड प्रकरण आहे.

शेवटी द्वारकेहून एक ब्राह्मण शोध घेत आला, ओळख पटली आणि श्रीखंड्या अंतर्धान पावला. कीर्तनकार इथे थांबतात आणि श्रोते डोळे पुसतात. घर चालवणाऱ्या माणसाच्या मनात मात्र भलताच प्रश्न उभा राहतो: दुसऱ्या दिवशी पाणी कुणी भरलं? नाथांच्या पत्नी गिरिजाबाईंनी रिकाम्या रांजणात डोकावून काय म्हटलं असेल? पैठणकरांनी या प्रश्नाचं उत्तर आपल्या परीने देऊन ठेवलं आहे. नाथषष्ठीच्या आधी, तुकाराम बीजेला, नाथवाड्यातल्या रांजणाची पूजा होते आणि भाविक पाणी आणून तो भरू लागतात. श्रीखंड्या येऊन आपली घागर ओतून जातो तेव्हाच रांजण भरतो, अशी श्रद्धा आहे. म्हणजे देवाची घागर एक, बाकीच्या आपल्या. ही वाटणी मला न्याय्य वाटते.

त्याच पैठणला ज्ञानेश्वरांनी रेड्याच्या तोंडून वेद वदवले. तो रेडाही मोकळा हिंडणारा नव्हता, पखालीचा होता. वाटेने पाणी वाहून नेत होता, म्हणजे कामावर होता. कथेला एवढ्या तपशिलाची काही गरज नव्हती. कुठलाही रेडा चालला असता, वेद तेच राहिले असते. पण सांगणाऱ्यांनी त्याच्या पाठीवर पखाल ठेवली आणि ती शतकानुशतकं खाली उतरवली नाही. मग माझ्यासारख्याचं लक्ष ऋचांवरून उडून त्या पखालवाल्याकडे जातं. शास्त्रीमंडळी थक्क झाली ते ठीक, पण ज्या घरी पाणी पोचायचं होतं तिथल्या बाईला उशिराचं कारण काय सांगितलं असेल? ‘रेडा वेद म्हणत होता’ ही सबब तिने मान्य केली असेल का? पुढे जुन्नर तालुक्यातल्या आळे गावी या रेड्याची समाधी झाली आणि तिथे यात्रा भरू लागली. अद्भुताला आमच्याकडे असा तालुक्यासकट पत्ता असतो.

या प्रकाराला विद्यापीठात ‘जादुई वास्तववाद’ म्हणतात. फ्रान्झ रोह या जर्मन कलासमीक्षकाने १९२५ मध्ये हे नाव चित्रांसाठी वापरलं, नंतर ते समुद्र ओलांडून लॅटिन अमेरिकेत कथा-कादंबऱ्यांना चिकटलं. १९६७ मध्ये गाब्रिएल गार्सिया मार्केझची ‘वन हंड्रेड इयर्स ऑफ सॉलिट्यूड’ आली आणि जगभरच्या लेखकांना आपापल्या आज्या आठवल्या. मार्केझ स्वतः हे श्रेय आजीलाच देत असे. ती भुताखेतांच्या गोष्टी चेहऱ्यावरची रेषही न हलवता सांगायची. त्या कादंबरीत रेमेदिओस नावाची सुंदर मुलगी चादरींच्या घड्या घालता घालता वर उचलली जाते आणि चादरींसकट आकाशात नाहीशी होते. गावात बहुतेकांना तो चमत्कार वाटतो. तिच्या वहिनीला मात्र हळहळ लागते ती चादरींची. त्या परत मिळाव्यात म्हणून ती देवाला साकडं घालते. मुलीचं उडणं आपल्याला पटतं ते या वहिनीमुळे. ती रागावली, म्हणजे चादरी खऱ्या होत्या. चादरी खऱ्या, तर त्यांच्याबरोबर गेलेली मुलगी खोटी कशी असेल?

ही युक्ती मार्केझच्या कितीतरी आधी पैठणच्या एका गोष्टीत वापरलेली आहे. तेव्हा पैठण प्रतिष्ठान होतं, राजा सातवाहन होता आणि त्याचा मंत्री होता गुणाढ्य. काश्मीरच्या सोमदेवाने अकराव्या शतकात ‘कथासरित्सागर’ रचला, त्याच्या सुरुवातीलाच या गुणाढ्याची कहाणी येते. तिची सुरुवातही पाण्यानेच होते. राजा राण्यांबरोबर जलक्रीडा करत असताना एक राणी संस्कृतात म्हणाली की माझ्यावर पाणी उडवू नका. राजाने संधी चुकीची सोडवली आणि मोदक मागवले. राणी हसली, राजा खजील झाला आणि व्याकरण शिकायचंच असा हट्ट धरून बसला. गुणाढ्य म्हणाला, सहा वर्षं लागतील. शर्ववर्मा नावाचा दुसरा पंडित म्हणाला, सहा महिने पुरे. क्लासच्या जाहिराती तेव्हापासून अशाच चालत आल्या आहेत. गुणाढ्याने पैज लावली की हे जमलं तर मी संस्कृत, प्राकृत आणि देशी, तिन्ही भाषा सोडेन. शर्ववर्म्याने देवाच्या कृपेने ते जमवलं. गुणाढ्य मुकाट्याने विंध्याच्या रानात गेला, पिशाचांची भाषा शिकला आणि शाई नव्हती म्हणून स्वतःच्या रक्ताने सात वर्षांत सात लाख श्लोकांची ‘बृहत्कथा’ लिहिली.

शिष्यांनी ग्रंथ राजाकडे नेला. पिशाचांची भाषा आणि रक्ताची अक्षरं पाहून राजाने तो परत पाठवला. साभार परत आलेल्या हस्तलिखिताचं दुःख लेखकांना नवीन नाही, पण गुणाढ्याने पुढे जे केलं ते कुणी केलेलं नाही. टेकडीवर अग्निकुंड पेटवून तो एकेक पान मोठ्याने वाचायचा आणि जाळायचा. रानातली हरणं, डुकरं, रेडे चारा सोडून भोवती बसून रडत ऐकू लागले.

इथपर्यंत सगळं अद्भुत आहे. वाचक मान डोलावतो आणि मनातल्या मनात म्हणतो, असेल बुवा. मग कथा एकदम मुदपाकखान्यात शिरते. राजा आजारी पडतो. वैद्य निदान करतात की सुकं मांस खाल्ल्याने ही व्याधी झाली. आचाऱ्यांना बोलणी बसतात. आचारी म्हणतात, आम्हाला शिकारी असंच मांस आणून देतात. शिकारी म्हणतात, आम्ही काय करणार, जनावरं चरतच नाहीत, टेकडीवरच्या ब्राह्मणाच्या गोष्टी ऐकत बसतात. दोष खालच्या पायरीवर ढकलत नेण्याची ही पद्धत इतकी ओळखीची आहे, की वाचकाचा सगळा संशय तिथेच संपतो. पिशाचभाषा पटली नव्हती, रक्त पटलं नव्हतं, पण वातड मांस लगेच पटतं. राजा धावत गेला तेव्हा सहा लाख श्लोकांची राख झाली होती. उरलेल्या एका लाखावर पुढच्या कथाकारांचे संसार चालले. साहित्याचा परिणाम राजाच्या ताटात मोजला गेला, असं हे बहुधा पहिलंच उदाहरण.

वेरूळच्या कैलासाचीही अशीच कथा आहे. कृष्ण याज्ञवल्कीच्या ‘कथाकल्पतरू’त माणकेश्वराच्या देवळाची, म्हणजे याच कैलासाची, गोष्ट येते. राजाला बरं वाटावं म्हणून राणीने नवस केला आणि देवळाचं शिखर दिसेपर्यंत अन्न घेणार नाही असा पण केला. पायापासून बांधत गेलं तर शिखरापर्यंत पोचायला वर्षं लागणार आणि तोवर राणी राहते कुठे? तेव्हा पैठणचा कोकस नावाचा कारागीर म्हणाला, आठवड्यात शिखर दाखवतो, आणि त्याने डोंगर वरून खोदायला घेतला. आठव्या शतकात राष्ट्रकूट राजा पहिला कृष्ण याच्या काळात घडलेला कैलास वरून खाली कोरत आणलेला आहे हे खरंच. सुमारे शंभर फूट खोल कातळ, मचाण नाही, भिंतीवर छिन्नीचे घाव अजून दिसतात. हे असं का केलं, याचं कारण अभियंते कातळाच्या भाषेत सांगतील. लोकांनी ते बाईच्या भुकेच्या भाषेत सांगितलं. बडोद्याच्या एका राष्ट्रकूट ताम्रपटात तर असं वर्णन आहे की मंदिर पाहून आकाशातले देव चकित झाले आणि घडवणारा कारागीरही आपण हे कसं केलं म्हणून थक्क झाला. काम संपल्यावर हात कमरेवर ठेवून तो क्षणभर वर बघत राहिला असणार.

हल्ली मोबाइलवर एक नवी गोष्ट फिरते की कैलास परग्रहावरच्या लोकांनी केला. ही गोष्ट मला आवडत नाही, आणि त्याचं कारण विज्ञान नाही. तिच्यात काम नाही. परग्रहवासी आले, किरण सोडले, निघून गेले. कुणाला भूक लागली नाही, कुणाच्या हाताला फोड आले नाहीत, कुणाला मजुरी द्यायची राहिली नाही. कोकसाच्या कथेत अशक्य ते घडतं, पण छिन्नी माणसाच्याच हातात राहते.

वेरूळहून घाट चढून खुलताबादला यावं तर तिथे अद्भुत जमाखर्चाला बसलेलं भेटतं. १४ व्या शतकातले सूफी संत बुऱ्हानुद्दीन गरीब यांच्या दर्ग्याची कथा अशी, की त्यांच्या पश्चात दर्ग्याच्या खर्चाला पैसा उरला नाही. शिष्यांनी प्रार्थना केली, तेव्हा फरसबंदीतून रात्री चांदीची झाडं उगवू लागली. सकाळी ती तोडायची, विकायची आणि खर्च भागवायचा. दर्ग्याच्या नावे जहागीर झाली तशी झाडं उगवायची थांबली. जगातल्या कुठल्याही परीकथेत झाडाने हिशेब पाहून पीक थांबवलेलं मी वाचलेलं नाही. गरज होती तेवढंच उगवलं.

या सगळ्या गोष्टी ज्या मुलखात जन्मल्या तिथल्या लोकांना वास्तव आणि अद्भुत यांच्यातली सीमारेषा नीट आखता येत नाही, यात नवल काय? मलिक अंबरने १६१० मध्ये खडकी, म्हणजे आमचं आजचं शहर, वसवली आणि जमिनीखालून नहर काढून पाणी आणलं. पाणचक्कीत लांबच्या डोंगरातलं पाणी भिंतीत चढून वरून कोसळतं आणि त्याच्या जोरावर फकिरांसाठी पीठ दळलं जाई. १९७६ मध्ये पैठणला जायकवाडी पूर्ण झालं आणि गोदावरीचा नाथसागर झाला. आज सागर पन्नासेक किलोमीटरवर आणि शहरातला नळ कित्येक वस्त्यांत आठवड्याने. धरण तुडुंब भरल्याच्या बातमीचा पेपर हातात धरून लोक टँकरची वाट बघत उभे असतात. मार्केझने हे लिहिलं असतं तर समीक्षकांनी अतिशयोक्ती म्हणून टिपलं असतं.

आमच्या कॉलनीतल्या एका मुलीने अशीच एक कथा लिहिली. नायिका सिडकोतल्या घराच्या गच्चीवरून उडते, बीबी का मकबऱ्याच्या मिनारांना वळसा घालते आणि डोंगरांपलीकडे नाहीशी होते. कथा चांगली होती. तिने ती शेजारच्या काकूंना वाचून दाखवली. काकूंनी एकाग्रतेने ऐकली आणि विचारलं, “उडाली ते बरं झालं गं, पण कोणत्या वारी उडाली?”

“म्हणजे?”

“म्हणजे नळाचा दिवस होता का? नळ येणार असता तर तिच्या आईने तिला तशी जाऊ दिली असती होय? आधी टाकी भर म्हणाली असती.”

मुलगी हिरमुसली, पण लेखक होती, ऐकून घेतलं. आता तिची नायिका टाकी भरते, मोटार बंद करते, ओल्या फरशीवर पाय पुसते आणि मग उडते. काकूंना त्यात काहीही खोटं वाटत नाही.