मालकीच्या जाचातून सोडवल्याबद्दल

प्रति,
भाडेवसुली विभाग, अडोबी,
सॅन होजे, कॅलिफोर्निया

विषय : आभारप्रदर्शन

स. न. वि. वि.

फोटोशॉप ज्यात येतं त्या क्रिएटिव्ह सूटची नवी आवृत्ती यापुढे निघणार नाही, नवं फोटोशॉप हवं तर वर्गणी भरा, असं आपण मे 2013 मध्ये जाहीर केलंत आणि आम्हां फोटोवाल्यांचं केवढं ओझं उतरलं! तोवर गिऱ्हाईक एकदाच 699 डॉलर मोजून फोटोशॉप सीएस6 घ्यायचं आणि वर्षानुवर्षं त्याच आवृत्तीवर समाधानाने काम करत बसायचं. ही समाधानाची कीड वेळीच ठेचलीत.

हिशेबात आपण खोटे नव्हता. 2025च्या आधी महिना 9.99 डॉलर पडायचे, त्यात फोटो सांभाळायचं आणि सुधारायचं लाइटरूमही. 699 डॉलर फिटायला जवळजवळ सहा वर्षं लागायची. नवख्याला हे स्वस्तच, असं मी टीकाकारांना ठणकावून सांगायचो. सातव्या वर्षाचं काय, असं कोणी विचारलं की विषय बदलायचो.

मुंबईत पागडीचा भाडेकरू घरमालकाला पुरून उरतो. आपल्याकडे ती भीती नाही. 2025च्या जानेवारीत दरमहा भरणाऱ्यांचे 9.99चे 14.99 केलेत, कोणी कोर्टात गेलं का?

पण खरी कारागिरी लाइटरूमच्या कुलपात आहे. वर्गणी थांबली तरी लाइटरूम क्लासिक उघडतं, फोटो दिसतात, बाहेरही काढता येतात. बंद होतात ते ‘डेव्हलप’ आणि ‘मॅप’ हे विभाग. म्हणजे लग्नाच्या फोटोत नवरीच्या शालूचा भडक लाल मी उतरवला असेल, तर तो उतरलेला दिसेल. पुन्हा चढवायचा तर आधी पैसे. फोटो माझा, डोळा माझा, लालचा आकडाही मीच ठरवलेला. किल्ली तेवढी आपली!

सोडून जाणाऱ्यांवरही आपली माया आहेच. वर्षाचा करार करून पैसे दरमहा भरणारा मध्येच निघाला, तर उरलेल्या हप्त्यांची निम्मी रक्कम दंड. ही अट बारीक अक्षरांत दडवली, असा आरोप ठेवून अमेरिकी सरकारने जून 2024 मध्ये आपल्यावर खटला भरला. सरकारला प्रेम कळत नाही.

कळावे, लोभ आहेच.

आपला,
चालू महिन्यापुरता फोटोवाला

ता. क. (फक्त वाचकांसाठी) : वर्गणी बंद करण्याआधी दुरुस्त केलेले फोटो पूर्ण आकारात टिफमध्ये काढून ठेवा, आणि वर्षाचा करार कोणत्या तारखेला संपतो ते आजच बघा.