डीएलएल गहाळ झाल्यास गृहस्थाने काय करावे

हिशेबाच्या जुन्या सॉफ्टवेअरवर किंवा मुलाने हौसेने आणलेल्या गेमवर दोनदा क्लिक केले असता पडद्यावर लाल फुलीची चौकट उमटते: अमुक डीएलएल या संगणकात सापडत नाही, सबब प्रोग्रॅम सुरू होऊ शकत नाही. अशा वेळी गृहस्थाने सर्वप्रथम घरातल्या प्रत्येकाला ‘तू काय केलंस?’ असे विचारावे. त्याने फाईल सापडत नाही, पण हा विधी वगळल्यास पुढच्या कशातच मन लागत नाही. चौकटीत ‘ओके’ असे एकच बटण असते. काहीही ओके नसले तरी ते दाबावे. दुसरा मार्ग ठेवलेला नाही.

नंतर चौकटीचा फोटो काढून भाच्याला पाठवण्याची प्रथा आहे. भाचा मेकॅनिकलचा असला तरी चालतो. ‘मामा, फॉरमॅट मारा’ असे उत्तर येते. ते वाचावे, अंगठा दाखवावा आणि विसरून जावे. एका फाईलपायी पंधरा वर्षांचे फोटो पुसून टाकणे हा उपाय आपल्याकडे फार लोकप्रिय आहे. तो बरोबर आहे असे मात्र कोणी म्हणत नाही.

आता थोडे शास्त्र. १९८५ साली पहिली विंडोज आली तेव्हा तिला किमान २५६ किलोबाइट मेमरी लागे. सकाळी येणारे गुलाबाचे एक ‘शुभ सकाळ’ आज तेवढ्यात जेमतेम मावेल. इतक्या अडचणीच्या जागेत प्रत्येक प्रोग्रॅमने खिडकी काढण्याचा, अक्षरे छापण्याचा आपापला कोड बाळगणे परवडणारे नव्हते. म्हणून सर्वांना लागणारा कोड वेगळ्या फायलींत एकदाच ठेवायचा आणि ज्याला लागेल त्याने चालू असताना तो वापरायचा, अशी सोय झाली. या फायली म्हणजेच डीएलएल. देवळात ठेवलेली गावकीची भांडीच ही. लग्न कोणाचेही असो, पातेली तीच. आता एखादा शहाणा मोठे पातेले नेतो आणि परत करताना आपल्या घरातले जुने, लहान पातेले ठेवून देतो. त्याचे कार्य उरकलेले असते. पुढच्या लग्नात भात कमी पडतो. नव्वदच्या दशकात विंडोजवर अगदी हेच चाले. नवे सॉफ्टवेअर आपली जुनी डीएलएल सामायिक फायलीवर बिनदिक्कत टाकून जाई आणि बंद पडे ते दुसरेच कोणी. या अवस्थेला जाणकारांनी ‘डीएलएल हेल’ असे नाव दिले. पुढे विंडोज २००० ने स्वतःच्या फायलींवर पहारा बसवला, आणि २००१ च्या एक्सपीने एकाच डीएलएलच्या अनेक आवृत्त्या शेजारी शेजारी नांदतील अशी व्यवस्था केली. नरक राहिला तिथेच, फक्त आत स्वतंत्र खोल्या मिळाल्या.

मुख्य उपचार एकच: गहाळ फायलीचे नाव शांतपणे वाचावे. त्यात तिचे घराणे लिहिलेले असते. एमएसव्हीसीआर१०० असेल तर व्हिज्युअल सी++ २०१० चे पॅकेज हवे. १२० असेल तर २०१३ चे. व्हीसीरनटाइम१४० असेल तर २०१५ किंवा त्यानंतरचे. मधला १३० शोधू नये. मायक्रोसॉफ्ट बारावरून थेट चौदावर गेली, कारण ज्याचे त्याने ताडावे. नाव डी३डीएक्स९ असे सुरू होत असेल तर ते जुन्या गेमचे दुखणे. त्यासाठी डायरेक्टएक्सचे जून २०१० चे पॅकेज लागते. संगणकात नवाकोरा डायरेक्टएक्स १२ असला तरीही लागते. ही पॅकेजे मायक्रोसॉफ्ट स्वतः फुकट देते. फुकट असल्यामुळेच लोकांचा त्यांच्यावर विश्वास बसत नसावा.

म्हणून ते सुटी डीएलएल देणाऱ्या साइटवर जातात. तिथे ‘डाउनलोड’ लिहिलेली चार हिरवी बटणे असतात, त्यांतली तीन जाहिरातीची. चौथ्यातून येणारी फाईल कोणाच्या संगणकातून उचलली, कोणत्या आवृत्तीची, आत आणखी काय भरले आहे, हे देवच जाणे. ती जागेवर चिकटवली की दुसरीच डीएलएल गहाळ असल्याची चौकट येते, कारण या फायली एकेकट्या राहत नाहीत. एक दुसरीला हाक मारते.

चिकटवायची कुठे, हाही गहन प्रश्न आहे. ६४ बिट विंडोजमध्ये ६४ बिट फायली राहतात त्या फोल्डरचे नाव सिस्टिम३२. आणि ३२ बिट फायली जिथे राहतात, त्याचे नाव सिसवॉव६४. वाचकाने हे वाक्य पुन्हा वाचण्याची गरज नाही, छपाईची चूक नाही. जुने प्रोग्रॅम सिस्टिम३२ हे नाव घोकून बसले होते, म्हणून नाव तसेच ठेवावे लागले. यात उलटापालट झाली की शेवटी ‘७बी’ असलेला एक लांबलचक क्रमांक झळकतो. सबब व्हिज्युअल सी++ ची एक्स८६ आणि एक्स६४ ही दोन्ही पॅकेजे बसवावीत. ६४ बिट संगणकातही ३२ बिट प्रोग्रॅम पुष्कळ असतात.

शेजारचे काका ‘रेगएसव्हीआर३२ मारून बघ’ असे सुचवतील. काकांचा मान राखावा, पण तो उपाय फक्त नोंदणी करता येणाऱ्या डीएलएलना लागू पडतो. जी फाईल मुळात नाही तिची नोंदणी कशी करणार, हे काकांना विचारू नये. खुद्द विंडोजची फाईल बिघडली असेल तर अ‍ॅडमिनिस्ट्रेटर म्हणून कमांड प्रॉम्प्ट उघडून एसएफसी स्कॅननाऊ चालवावे (टाइप इंग्रजीतच करावे). त्याने हात टेकले तर डिझ्म चालवून पुन्हा एसएफसी. एकाच प्रोग्रॅमची खासगी फाईल असेल तर तो प्रोग्रॅम पुन्हा बसवावा. त्याआधी अँटिव्हायरसच्या क्वारंटाइनमध्ये डोकवावे. पुष्कळदा फाईल तिथेच डांबलेली असते. मात्र तिला सोडवण्याआधी ती का पकडली गेली याची चौकशी करावी, विशेषतः गेम फुकटात मिळालेला असेल तर.

लिनक्सवाल्यांनी हसू नये. त्यांच्याकडे याच फायलींच्या नावात ‘.एसओ’ असते आणि उबुंटू २२.०४ ने ओपनएसएसएल ३ स्वीकारले तेव्हा लिबएसएसएल १.१ मागणारे प्रोग्रॅम असेच अडून बसले. काहींनी नव्या फायलीला जुन्या नावाची सिमलिंक देऊन पाहिली. लोडर आतला आवृत्तीचा शिक्का तपासतो आणि परत पाठवतो. कोणत्या फायली सापडत नाहीत हे एलडीडी ही कमांड सांगते. अनोळखी माणसाने दिलेल्या प्रोग्रॅमवर मात्र ती वापरू नये. काही वेळा ती चौकशी करता करता तो प्रोग्रॅमच चालवून बसते.