कालनियंत्रण केंद्र नागपुरातच हवे

काळाला ताणणारे, आखडणारे आणि प्रसंगी जागच्या जागी खिळवून ठेवणारे तंत्र विकसित करण्यासाठी देशात एक राष्ट्रीय संशोधन केंद्र असावे, अशी आमची जुनी मागणी आहे. आणि हे केंद्र नेहमीप्रमाणे पुण्याने पळवू नये. पुण्याकडे संस्था पुष्कळ असतील, पण या विषयातला प्रत्यक्ष अनुभव नागपूरकडे आहे. इथे प्रयोग कधीचेच चालू आहेत, फक्त फलक लावून फीत कापायची राहिली आहे.

देशभर अचूक प्रमाणवेळ पोचवण्यासाठी केंद्र सरकारने अहमदाबाद, बंगळुरू, भुवनेश्वर, फरिदाबाद आणि गुवाहाटी इथल्या प्रयोगशाळा निवडल्या. त्यात नागपूर नाही, म्हणून इथल्या काहींना वाईट वाटले. वाईट कशाला वाटून घ्यायचे? त्या पाच ठिकाणी वेळ मोजायची आहे. मोजणे हे कारकुनाचे काम झाले.

आमचा पहिला यशस्वी प्रयोग काळ आखडण्याचा. 28 सप्टेंबर 1953 रोजी नागपूर करार झाला. सरकारने दरवर्षी ठरावीक काळ नागपुरात मुक्काम हलवावा आणि विधिमंडळाचे निदान एक अधिवेशन विदर्भात घ्यावे, असे त्यात ठरले. ठरावीक म्हणजे किती, हे ठरवायचे मात्र राहून गेले, आणि आमच्या सगळ्या संशोधनाचा पाया तिथेच घातला गेला. विदर्भातली माणसे सहा आठवड्यांची भाषा करतात. 2024 साली ते अधिवेशन 16 ते 21 डिसेंबर, म्हणजे सहा दिवसांत आटोपले. आठवड्याचा दिवस करून दाखवला! जिनिव्हाच्या शास्त्रज्ञांना जमिनीखाली 27 किलोमीटरचा बोगदा खणूनही हे साधलेले नाही. आमच्याकडे मंत्र्यांच्या मुक्कामाच्या रविभवनाच्या भिंतींना रंगाचा एक हात दिला की काम भागते.

त्याच वर्षी याहून अवघड प्रयोग पार पडला. 15 डिसेंबरला नागपूरच्या राजभवनात 39 मंत्र्यांनी शपथ घेतली. दुसऱ्या दिवशी अधिवेशन सुरू झाले. खातेवाटप झाले ते 21 तारखेच्या रात्री, अधिवेशन संपल्यावर. मधले सहा दिवस मंत्री होते, खाती नव्हती. कारण आधी आणि कार्य नंतर, हा विश्वाचा नियम आम्ही सिव्हिल लाइन्समध्ये आठवडाभर स्थगित ठेवला आणि विश्वाने हरकतीचा मुद्दाही उपस्थित केला नाही.

पण आमची खरी मदार आहे ती काळ ताणण्याच्या विभागावर. वैनगंगेवरच्या गोसीखुर्द प्रकल्पाला 1983 मध्ये मंजुरी मिळाली, तेव्हा खर्च धरला होता 372 कोटी. 22 एप्रिल 1988 रोजी पंतप्रधान राजीव गांधींनी भूमिपूजन केले. 2009 मध्ये त्याला राष्ट्रीय प्रकल्पाचा दर्जा मिळाला, म्हणजे विलंबसुद्धा राष्ट्रीय झाला. खर्च पुढे अठरा हजार कोटींच्या वर गेला. अडीच लाख हेक्टर भिजवण्याचे ठरले होते, ते पुरे भिजायचे अजून बाकीच आहे. या प्रयोगातले यंत्र कोणते म्हणाल, तर ‘सुप्रमा’. सुधारित प्रशासकीय मान्यता हे तिचे पाळण्यातले नाव. एक सुप्रमा मिळाली की घड्याळ मागे जाते आणि रक्कम पुढे. जड वस्तूजवळ काळ मंदावतो, हे आइन्स्टाइनने सांगून ठेवले आहे. पाटबंधारे खात्याची फाइल त्याने उचलून पाहिली असती, तर तेवढ्यासाठी गणित मांडत बसला नसता.

पवनीकडच्या एखाद्या शेतकऱ्याला विचारा. तो सांगेल, ‘‘तवा सातबारा माह्या बापाच्या नावानं होता, आता माह्या पोराच्या नावानं हाय. कालवा येऊनच राहिला ना जी.’’ असा मनुष्य निवेदन घेऊन अधिवेशनावरच्या मोर्च्यात येतो. मॉरिस कॉलेजच्या टी-पॉइंटला पोलीस अडवतात. शिष्टमंडळातले पाचजण आत जातात आणि बाकीचे रस्त्यावर बसून शेंगदाणे सोलतात. तासाभराने पाचजण आश्वासन घेऊन बाहेर येतात. त्या आश्वासनावर तारीख नसते. तारीख घातली की ते एखाद्या दिवशी खोटे ठरू शकते, आणि एवढी सावधगिरी नुसत्या विज्ञानाला सुचणारी नाही.

काळ वाचवण्याचाही एक विभाग आहे. समृद्धी महामार्गाने नागपूर ते मुंबई हे 701 किलोमीटर अंतर आठ तासांवर आणले. 5 जून 2025 पासून तो भिवंडीजवळच्या आमण्यापर्यंत पुरता खुला आहे. आमण्यापासून पुढे मुंबईत शिरताना वाचवलेला वेळ सव्याज परत करावा लागतो. हा विभाग आम्हाला फारसा महत्त्वाचा वाटत नाही.

तर अशी ही सगळी तयारी आहे. सूर्यदेखील नागपूरला मुंबईहून सुमारे 25 मिनिटे आधी येतो आणि त्याला कोणत्याही कराराची गरज लागत नाही. केंद्राच्या संचालकपदासाठी पाटबंधारे खात्यातून निवृत्त झालेल्या अभियंत्यांनी अर्ज करावेत. मुदत दिलेली आहे, तिला मुदतवाढ मिळेलच. ज्यांना निवेदन द्यायचे असेल त्यांनी मात्र अधिवेशनाच्या पहिल्याच दिवशी द्यावे. शेवटच्या दिवशी दुपारनंतर मंत्री सोनेगावच्या विमानतळावर असतात.