मोकळी झालेली आक्का

आमची आक्का ‘घटस्फोट’ हा शब्द तोंडात येऊ देत नाही. ‘मी मोकळी झाले’ म्हणते. ऊस गेल्यावर रान मोकळं होतं, तशी. एकसष्टाव्या वर्षी संमतीचा अर्ज दिला, तेव्हा वकील म्हणाले, “कायद्याने सहा महिने थांबावं लागेल.” आक्का म्हणाली, “आडसालीला अठरा महिने थांबलेली बाई आहे मी. सहाचं काय कौतुक सांगता?”

तेव्हापासून इंदापूरकडचं घर सोडून ती बारामतीत, बाईंच्या घरी राहते. बाई जिल्हा परिषदेच्या निवृत्त शिक्षिका. त्या वीस वर्षांपूर्वीच मोकळ्या झाल्या, म्हणून घरात ज्येष्ठता त्यांची. दोघी एकमेकींना ‘तुम्ही’ म्हणतात आणि भांडतातही ‘तुम्ही’नेच. पूर्वी लग्नकार्यात कुणी काही विचारलं की आक्का ‘ह्यांना विचारून सांगते’ म्हणायची. आता विचारायच्या आधीच सांगते.

भाचीने एकदा ‘ग्रेस अँड फ्रँकी’ लावून दिली. जेन फोंडा आणि लिली टॉमलिन. दोघींचे वकील नवरे म्हातारपणी एकमेकांशीच लग्न करायला निघतात आणि एकमेकींचं तोंड न बघणाऱ्या या बायका समुद्राकाठच्या एका घरात येऊन पडतात. आक्काला इंग्रजी येत नाही, पण अडत नाही. बाई भाषांतर करतात, आक्का त्यात दुरुस्ती करते. पहिल्याच भागात तिने मालिका थांबवली. “वीस वर्षं चाललेलं अन् ह्यांना पत्ता न्हाई? शर्ट कोण धूत होतं?”

तरी २०१५ ते २०२२ मधले चौऱ्याण्णव भाग तिने हरिपाठाच्या नेमाने संपवले. समुद्राकाठच्या घराचं बाईंना फार अप्रूप. आक्का म्हणते, “आपल्याला नीरेचा डावा कालवा आहे की. आवर्तन सुटलं की त्योच समुद्र.”

आषाढात तुकोबांची पालखी आली की दोघी काटेवाडीला मेंढ्यांचं रिंगण बघायला जातात. आक्का दरवर्षी जाहीर करते, “यंदा इंदापुरापर्यंत पायी!” बाई काही न बोलता पिशवीत गुडघ्याचं तेल आणि एसटीच्या अर्ध्या तिकिटाचे सुट्टे पैसे टाकतात. बेलवाडीचं रिंगण होईस्तोवर दोन्ही लागतात. “पाय माझेच दुखले, पण वेळ तुमचा झाला,” असं म्हणून आक्का खिडकीची जागा पकडते.

पूर्वी कुणाकडे जेवायला बसली की आक्काचं एक वाक्य ठरलेलं असायचं, “आमच्या ह्यांना तिखट चालत नाही.” मोकळी झाल्यावर ते वाक्य गेलं, आणि आम्हालाच पानात काहीतरी वाढायचं राहिल्यासारखं वाटायचं.

परवा दोघी आमच्याकडे आल्या. मी झुणका वाढत होतो. आक्काने हात धरला.

“थांब. आमच्या बाईंना तिखट चालत नाही.”

“चालतं मला,” बाई म्हणाल्या. “तुम्ही उगाच सांगत फिरता.”

“तुम्ही गप्प बसा. रात्री जळजळ व्हायला लागली की उठावं मला लागतं.”

बाईंनी मुकाट्याने दह्याची वाटी पुढे केली.