जरा सरक!

गणपतीत पेणच्या घरी भावंडं जमली की आरत्या आटोपून ‘वर्म्स’ लागतो. इंग्लंडच्या अँडी डेव्हिडसनने रचलेला आणि टीम सेव्हन्टीन कंपनीने घडवलेला, १९९५ साली बाजारात आलेला हा खेळ. गुबगुबीत गांडुळांच्या फौजा, खाली पाणी. हात नसलेली गांडुळं बझुका चालवतात, याचं कुणाला काही वाटत नाही. एकाची पाळी चालू असताना बाकीच्यांनी नुसतं बघायचं. जमिनीचे दावे तीन पिढ्या लढवलेल्या आमच्या घराण्याला तारखेची वाट पाहणं शिकवावं लागलं नाही.

मुंबईचा भाचा आला की बझुकाच उचलतो. वाऱ्याचा बाण बघत नाही, मग गोळा वळसा घेऊन त्याच्याच टाळक्यावर. कारखान्यात मूर्तींच्या डोळ्यांची आखणी करणारा चुलतभाऊ मात्र ग्रेनेड फेकतो. त्याला वारा लागत नाही, फक्त किती सेकंदांनी फुटायचं ते ठरवायचं. एरवी रेघ केसभरही न हलवणारा हा माणूस टप्पा घेऊन बरोबर बिळात सोडतो.

मेलेलं गांडूळही गप मरत नाही. जाता जाता छोटासा स्फोट करून शेजाऱ्याला भाजतं. आमच्याकडे हे काम मृत्युपत्र करतं.

खरी भीती आत्याची. केळ्याचा बॉम्ब, उडती मेंढी असली चैन तिला नको. पोह्याचे पापड लाटून झाले की ती येते, कडेला उभ्या गांडुळापाशी आपलं गांडूळ नेते आणि ‘प्रॉड’ निवडते. म्हणजे नुसतं बोटाने ढोसणं. ‘जरा सरक रे बाळा,’ म्हणते. शंभर एनर्जीचा भाचा डुबुक.

वेळ संपली की ‘सडन डेथ’. मग दर पाळीला पाणी चढतं. मामा खारेपाटातला. उधाणात बांधाला खांड गेली की खारं पाणी शेतात कसं घुसतं, हे त्याने पाहिलंय. तो पहिल्या पाळीपासून फक्त वर चढत असतो, कुणावर गोळीही झाडत नाही.

गेल्या वर्षी शेवटी टेकाडावर दोघंच उरली. पाणी पायाशी आलेलं.

‘ताई, आता तह करू,’ मामा म्हणाला.

‘करू की,’ आत्या म्हणाली. ‘जरा सरका, बसायला जागा करते.’